काढायला की ठेवायला

५ मे

प्रिय ठकू,

तुझं पत्र नाही म्हणून मीच लिहितोय. फोन कर म्हणशील, तर माझं कानातलं यंत्र फोनजवळ नेलं की शिट्टी मारतं आणि तुझी मामी गॅस बंद करायला धावते. तेव्हा पत्रच बरं. टपालवाला हल्ली नाकातोंडावर फडकं बांधून येतो, पत्र पायरीवर टाकतो आणि काही तरी चोरल्यासारखा पळतो. पण येतो.

आम्ही ठीक आहोत. साथीमुळे घरात बसून मी आणि तुझी मामी एकमेकांना इतके दिसतोय, तितके लग्नानंतरच्या पहिल्या वर्षातही दिसलो नव्हतो. तिने मला बसण्याच्या तीन जागा ठरवून दिल्या आहेत. चौथीकडे गेलो की झाडू आडवा येतो.

बँकेचं काय चाललंय? सहज विचारतो. ज्या शाखेतून मी हेडकॅशियर म्हणून निवृत्त झालो, त्याच शाखेत आज माझी भाची मॅनेजर आहे, या कौतुकापोटी विचारतो, बाकी काही नाही. पेपरात रोज येतं की दुकानं बंद, कारखाने बंद, कर्जाचे हप्ते थांबलेले, मग लहान बँकांनी तग धरायचा तरी कसा? मी आपला वाचतो आणि सोडून देतो.

शिपायाचा गुडघा कसा आहे? माझ्या खिडकीवरचा पंखा अजून कुरकुरतो का? तिजोरीत हल्ली साधारण किती रोकड असते? सहज.

तुझा मामा

(समासात, बारीक अक्षरात)
ठकू, ह्यांनी वाचून काही सोडून दिलेलं नाही. कात्रणं कापून उशीखाली ठेवली आहेत. कूस बदलली की कागद वाजतो आणि माझी झोप मोडते. — मामी


११ मे

मामा, तुम्हाला नमस्कार आणि मामीला दोन,

गुडघा बरा आहे. पंखा कुरकुरतो. तिजोरीत किती असते ते सांगणार नाही, कारण ते कुणालाही सांगायचं नसतं हे तुम्हीच मला शिकवलंय.

आता एक गंमत सांगते, पण हसू नका, कारण माझ्या तोंडचं पाणी पळालंय.

हेड ऑफिसचा हुकूम आला की ग्राहकांच्या रांगेत दोन माणसांमध्ये सहा फूट अंतर हवं. मी रखवालदाराच्या हातात पांढऱ्या रंगाचा डबा दिला आणि फुटपाथवर गोल काढायला सांगितले. त्याचा सहा फुटांवर विश्वास बसेना. म्हणाला, "मॅडम, शिंक लांब जाते." त्याने स्वतः नाकात दोरा घालून दोनदा शिंकून बघितलं आणि बारा बारा फुटांवर गोल काढले. मी बाहेर जाऊन बघेपर्यंत रंग वाळला होता.

त्या दिवशी दहा माणसं आली होती, मामा. फक्त दहा. त्यातला पहिला आपल्या दारात, पाचवा औषधाच्या दुकानासमोर आणि शेवटचा थेट कोपऱ्यावर, सलूनच्या पायरीशी. सलून बंद आहे. सलूनवाला दिवसभर दारात आपल्याच फिरत्या खुर्चीत बसून डावीउजवीकडे फिरत असतो. त्याने विचारलं, "ही कसली रांग?" तो माणूस म्हणाला, "बँकेची." सलूनवाला म्हणाला, "इथपर्यंत?"

बस, एवढंच झालं. संध्याकाळपर्यंत गावभर झालं की बँक बुडतेय आणि लोक पैसे काढायला धावताहेत. दुसऱ्या दिवशी खरंच धावले. मी रखवालदाराला रंग खरवडायला लावला, पण आता उपयोग काय?

बँक मजबूत आहे हो. पैसे बुडालेले नाहीत, फक्त घरी नाहीत. काही शिवणकामवाल्या बाईंच्या आठ यंत्रांत आहेत, काही शेजारच्या थिएटरच्या नव्या छपरात, आणि काही तर त्या सलूनवाल्याच्या फिरत्या खुर्चीतच आहेत, जिच्यात बसून तो बँक बुडाल्याची खबर देतो. यंत्रं थांबली, थिएटर बंद, खुर्ची रिकामी, म्हणून सगळ्यांचे हप्ते आपण पुढे ढकलले. लोक थोडे थांबले तर सगळ्यांचे पैसे सगळ्यांना मिळतील. सगळे आजच आले तर अर्ध्यांना मिळणार नाहीत. हे मी दिवसातून चाळीस वेळा सांगते, मास्कमधून, काचेपलीकडून. त्यांना फक्त "मिळणार नाहीत" एवढंच ऐकू जातं.

हेड ऑफिसने रोकड पाठवायचं कबूल केलंय, पण बजावलंय की जूनअखेर ठेवी ठरलेल्या रेषेच्या खाली गेल्या तर आपली शाखा बंद. मग सगळी खाती दोन तासांच्या रस्त्यावरच्या शाखेत, आणि आम्ही सहाजण घरी. माझ्या हातून तुमची शाखा बंद पडली तर मी तुम्हाला तोंड कसं दाखवू?

तुमची ठकू


१६ मे

प्रिय ठकू,

घाबरायचं नाही. मी असताना घाबरायचं कशाला?

तुझ्या जन्माआधी असाच एक गोंधळ झाला होता. तेव्हा मी काय केलं? तिजोरीतल्या नोटा काढल्या आणि काचेच्या खिडकीत, रस्त्यावरून दिसतील अशा, गठ्ठ्यावर गठ्ठे रचून ठेवल्या. वर तसूभरसुद्धा जागा ठेवली नाही. लोकांनी डोळे भरून बघितलं आणि घरी गेले. लोकांना पैसे नको असतात ठकू, पैसे आहेत हे बघायचं असतं. उद्याच्या उद्या कर.

आणि त्या सलूनवाल्याला माझं नाव सांग. तीस वर्षं माझे केस कापलेत त्याने. माझ्या शब्दाबाहेर नाही तो.

माझा आपल्या बँकेवर पूर्ण विश्वास आहे. हे तिथे चारचौघांत सांगितलंस तरी चालेल.

तुझा मामा

(समासात)
आज ह्यांनी मला पेटीत टाकायला दोन पाकिटं दिली. एक तुझं. दुसरं कसलं ते सांगत नाहीत. त्याला तीनदा डिंक लावलाय. — मामी


१६ मे

प्रति,
मा. शाखाधिकारी

विषय : मुदत ठेव मुदतीपूर्वी मोडण्याबाबत

महोदया,
मी आपल्या शाखेचा जुना ठेवीदार असून निवृत्तीच्या वेळी मिळालेली संपूर्ण रक्कम आपल्याकडे मुदत ठेवीत ठेवली आहे. सदर ठेवीची मुदत दिनांक १० जुलै रोजी संपते. तथापि काही घरगुती कारणास्तव ती त्वरित मोडून रक्कम रोखीने मिळावी, ही विनंती. हा अर्ज गोपनीय समजावा व शाखेतील माझ्या नातेवाइकांच्या नजरेस पडू देऊ नये.

आपला विश्वासू,
एक ठेवीदार (निवृत्त हेडकॅशियर)


२२ मे

मामा, नमस्कार,

तुमचा उपाय केला. नोटा खिडकीत रचल्या. अर्ध्या तासात बातमी फिरली की बँकवाले पैसे बांधून पळायच्या तयारीत आहेत, गठ्ठे दाराशी आणलेत, फक्त गाडी यायची आहे. एवढ्यात आमचा शिपाई बिचारा बिस्किटं आणायला म्हणून सायकलवर बसला. त्याच्यामागे नऊजण धावले. गुडघा पुन्हा दुखतोय त्याचा.

तुमच्या वेळी लोकांची तोंडं दिसायची, मामा. तुम्ही खिडकीतून हसला की माणूस निवळायचा. मी हसते तर कुणाला दिसतच नाही. नोकरीला लागले तेव्हा तुम्ही शिकवलं होतं की तोंड झाकून आलेल्या माणसाला बँकेत घ्यायचं नाही. आता तोंड उघडं असेल तर आम्ही दारातून परत पाठवतो. परवा एका काकांनी नोटा मोजताना थुंकी लावायला मास्क खाली केला, तर मागच्या बाई किंचाळल्या आणि रखवालदाराने फवारणीचा पंप काकांच्या हातावर आणि नोटांवर सारखाच मारला.

सलूनवाल्याला तुमचं नाव सांगितलं. म्हणाला, "साहेबांना माझा नमस्कार सांगा. साहेबांचे पैसे अजून तुमच्याकडेच आहेत ना? मग मीही थोडा थांबतो."

तुमचा बँकेवर पूर्ण विश्वास आहे हे वाचून फार बरं वाटलं. घरचं सगळं ठीक आहे ना? नाही, काही घरगुती कारणं वगैरे असली तर सांगा. सहज विचारते.

तुमची ठकू


२२ मे

महोदय,
आपला अर्ज मिळाला. नियमानुसार ठेव मुदतीपूर्वी मोडता येईल, व्याज काही प्रमाणात कमी होईल. रक्कम मोठी असल्याने ठेवीदाराने ओळखपत्रासह स्वतः हजर राहणे आवश्यक आहे. आपण ज्या दिवशी याल त्या दिवशी आपली रक्कम तयार असेल, याबद्दल शंका नसावी. ओळख पटवताना मास्क क्षणभर खाली घ्यावा लागेल. शाखाधिकारी आपल्या मांडीवर खेळलेल्या असल्या तरी या नियमाला अपवाद नाही.

आपली विश्वासू,
शाखाधिकारी


२८ मे

प्रिय ठकू,

शाखाधिकारीबाईंचं पत्र पोचलं. त्यांच्याशी माझा जो काही व्यवहार आहे त्यात तू नाक खुपसू नकोस. तो ठेवीदार आणि बँक यांच्यातला मामला आहे. आपण मामा-भाची म्हणून बोलू.

मामा म्हणून एवढंच सांगतो की माझा तुझ्यावर विश्वास आहे. बँकेवरही आहे. पण बत्तीस वर्षं त्या तिजोरीच्या किल्ल्या माझ्या कमरेला होत्या. लोकांना तिजोरीत काय असतं ते माहीत नसतं म्हणून ते घाबरतात. मला माहीत आहे म्हणून मी घाबरतो. मला पेन्शन नाही, मूलबाळ नाही, आणि तुझी मामी माझ्याहून सहा वर्षांनी लहान आहे. एवढीच पुंजी आहे आमची. बुडाली तर या वयात मी कुठे नोकरी मागायला जाऊ, आणि नोटा मोजण्याखेरीज मला येतं तरी काय? हे मी कुणापुढे बोललेलो नाही. तुझ्याही नाही, असं समज.

आता दुसरा उपाय सांगतो, हा पक्का आहे. रांग दिसते म्हणून वाढते. ती झाक. शेजारी थिएटर बंद पडलंय ना? लोकांना आत खुर्च्यांवर बसव, नंबर दे. रस्त्यावर कुणी दिसलं नाही की अफवेला खायला काही उरणार नाही.

बस सुरू झाल्या आहेत, निम्म्या सीटवर माणसं बसवतात. पाच जूनला मी तिकडे यायचं म्हणतो. मामीची औषधं इकडे मिळत नाहीत.

तुझा मामा

(समासात)
माझी औषधं कोपऱ्यावर मिळतात. दुसऱ्या पाकिटाचं मला कळलं, डिंक ओला असताना वाचलं. मला विचारलं असतं तर सांगितलं असतं की भाचीच्या हाताखालून पैसे काढून घेण्यापेक्षा मी शिकवण्या घेईन. पण मला विचारतं कोण? — मामी


२ जून

मामा, नमस्कार,

थिएटर घेतलं. मालकाने फुकट दिलं, कारण त्याचंही छप्पर आपल्याच कर्जावर उभं आहे. एक सोडून एक खुर्ची, वर पंखे, रखवालदार पडद्यासमोर उभा राहून नंबर पुकारतो. रस्ता एकदम मोकळा झाला. तुमचा उपाय बरोबर होता, दीड दिवस.

मग लोकांच्या लक्षात आलं की दोन महिने घरात कोंडल्यावर गावात बसून गप्पा मारायला मिळेल अशी ही एकच जागा आहे. काम झालेली माणसंसुद्धा घरी जाईनात. थर्मासमधून चहा येऊ लागला. रस्त्यावर होते तेव्हा अफवा बारा फुटांवरून ओरडून सांगावी लागायची, त्यात ती थोडी पातळ व्हायची. आता एका खुर्चीवरून दुसरीवर आरामात जाते आणि शेवटच्या रांगेत पोचेपर्यंत हेड ऑफिसला आग लागलेली असते. पहिल्या दिवशी तीसजण होते. काल दीडशे. त्यातल्या साठजणांचं आपल्या बँकेत खातंच नाही.

हसते आहे, पण ठेवी रोज घटताहेत. रेषा अगदी जवळ आली आहे. आणखी आठ दिवस असेच गेले तर संपलं.

या तुम्ही पाच तारखेला. मामीची औषधं तयार ठेवते.

तुमची ठकू


६ जून

प्रिय मामी,

हे पत्र फक्त तुला. मामा माझ्या घरी सोफ्यावर आडवे झालेत आणि झोपल्याचं सोंग करताहेत. परवाच्या बसने परत येतील. काळजी करू नकोस. औषधं त्यांनी घेतली नाहीत, आठवणही काढली नाही.

काल सकाळी ते आले ते सरळ थिएटरमध्ये गेले. एकावर एक दोन मास्क, डोक्यावर टोपी, शर्टाच्या आत घडी केलेली रिकामी पिशवी. आपल्याला कुणी ओळखणार नाही या खात्रीने पुढच्या रांगेत बसले आणि टोपी काढून वारा घेऊ लागले. मागच्या खुर्चीवर सलूनवाला. मामी, तोंड झाकलेलं होतं, पण तो माणूस तीस वर्षं त्यांच्या डोक्याची मागचीच बाजू बघत आलाय. ओरडला, "हेडकॅशियरसाहेब! तुम्ही?"

सगळं थिएटर उठून उभं राहिलं. रखवालदार नंबर पुकारायचा थांबला. हे सगळं त्यानेच मला नंतर सांगितलं. सलूनवाला म्हणाला, "साहेब, एवढ्या लांबून आलात. काढायला की ठेवायला?"

मामांनी पिशवी शर्टात आणखी खोल दडपली. समोर शिवणकामवाल्या बाई उभ्या होत्या, त्यांच्याकडे बघितलं. आणि म्हणाले, "ठेवायला."

"अशा दिवसांत?"

"मग कशा दिवसांत ठेवायचे? गरज नसताना?"

सलूनवाला म्हणाला, "चला साहेब, मी येतो तुमच्याबरोबर. मला बघायचंय."

तर मामी, खिडकीवर मी स्वतः बसले होते. त्यांचे पैसे मी सकाळपासून पाकिटात घालून तयार ठेवले होते. सगळे. तू मला काहीही म्हण, पण त्यांचा हक्क होता तो आणि मी शब्द दिला होता. ते आले, मी पाकीट काचेखालून सरकवलं. त्यांनी ते परत आत सरकवलं. मला वाटलं, मोजून द्या म्हणताहेत. मी पुन्हा सरकवलं. त्यांनी पुन्हा आत ढकललं आणि डोळे मोठे केले. दोन मास्कच्या वर नुसते डोळे, मला काय कळणार? असं तीनदा झालं. सहा फुटांवर सलूनवाला मान वाकडी करून उभा. शेवटी मामा सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाले, "बाई, मला भरायचे आहेत!"

मी म्हटलं, "किती?"

त्यांनी खिसा रिकामा केला. परतीच्या बसचे पैसे, सुटी नाणी. एवढंच निघालं. सलूनवाला बघतोय. मग मामांनी शर्टाची दोन बटणं सोडली आणि अडीअडचणीला म्हणून तू त्यांच्या बनियनच्या आतल्या खिशात शिवून दिलेली नोट नखाने टाका उसवून बाहेर काढली. तीही भरली. मी पावती दिली. माझा शिक्का कागदावर नीट उमटला नाही, पुन्हा मारावा लागला. सलूनवाल्याने पावती मागून घेतली, उलटसुलट बघितली आणि थिएटरमध्ये जाऊन सांगितलं, "बँक कुठे जात नाही. साहेबांनी बनियनमधली नोट भरलीय."

सगळे काही उठले नाहीत. निम्मे गेले. शिवणकामवाल्या बाई थांबल्या, त्यांना कामावरच्या बायकांचे पगार द्यायचे होते. त्यांना मी त्यांचे पैसे दिले, बँक त्यासाठीच असते. पण आज सकाळी थिएटरमध्ये फक्त अठरा माणसं होती, आणि त्यातली सात चहा प्यायला आलेली.

काल मी आतल्या खोलीत जाऊन रडले, मामी. रागही आला होता त्यांचा, आणि असा मामा आहे म्हणून बरंही वाटत होतं. रात्री जेवताना ते म्हणाले, "ठेवायलाच आलो होतो मी. रिकामी पिशवी आपली सहज बरोबर घेतली होती." मी म्हटलं, "हो मामा." परतीच्या बसचे पैसे मी त्यांच्या चपलेत ठेवलेत. हातात दिले तर घेणार नाहीत.

तुझी ठकू


१२ जून

प्रिय ठकू,

सुखरूप पोचलो. चपलेत काही तरी टोचत होतं, ते बसस्टँडवर कळलं. बघून घेईन तुला.

तुला एक सांगायचं आहे आणि शाखाधिकारीबाईंनाही कळलं तरी हरकत नाही. मी त्या थिएटरमध्ये खोटं बोललो. काढायलाच आलो होतो. शब्द ओठांवर होता. पण शिवणकामवाल्या बाई मला बघून उभ्या राहिल्या होत्या. त्यांचं पहिलं खातं मी उघडलं होतं, तेव्हा त्यांच्याकडे एकच यंत्र होतं आणि तेही भाड्याचं. मला वाटलं, मी "काढायला" म्हणालो तर या बाईचं काय, आणि आतल्या खिडकीवर बसलेल्या पोरीचं काय?

पण आता माझी पंचाईत बघ. आधी मला माझ्या एकट्याच्या पैशांची काळजी होती. आता साऱ्या गावाच्या पैशांची आहे. ते लोक माझ्या शब्दावर घरी गेले. बँकेला काही झालं तर मी त्यांना बुडवलं असं होईल, आणि तोंड झाकूनही उपयोग नाही, तो सलूनवाला मला मागून ओळखतो.

१६ मेचा अर्ज रद्द समजावा, असं बाईंना सांग.

तुझा मामा

(समासात)
काळजी करतात हे खरं, पण आता घोरतात. कात्रणं मी रद्दीत घातली. बनियनला नवा खिसा शिवला आहे, त्यात काय ठेवलं ते ह्यांना सांगितलेलं नाही. — मामी


१ जुलै

मामा, मामी, दोघांनाही नमस्कार,

वाचलो! काल संध्याकाळी हेड ऑफिसचा फोन आला. शाखा राहते. रेषेच्या वर आहोत, फार नाही, बोटभर. मी रखवालदाराला बातमी सांगितली तर त्याने मला मिठी मारली आणि मग आठवण झाल्यावर स्वतःवर पंप मारून घेतला.

तुमच्या त्या नोटेने सगळं झालं असं नका समजू, नाही तर डोक्यावर बसाल. हेड ऑफिसची रोकड वेळेवर आली. हप्ते पुढे ढकलले म्हणून कुणाचा धंदा लिलावात गेला नाही, आणि धंदे राहिले म्हणून पैसे परत यायला लागले. शिवणकामवाल्या बाईंना मास्कचं मोठं काम मिळालं, आठही यंत्रं चालू आहेत. परवा त्या न मागता एक हप्ता भरून गेल्या. सलून उघडलं. साऱ्या गावाचे केस खांद्यापर्यंत आले होते, त्यामुळे सलूनवाल्याला श्वास घ्यायला फुरसत नाही, मग अफवा कुठून पसरवणार? रोज संध्याकाळी गल्ला घेऊन माझ्याकडे येतो आणि नोटांना केस चिकटलेले असतात.

पण हे सगळं व्हायला आठ दिवस हवे होते, मामा. ते तुम्ही मिळवून दिलेत.

आता मुद्द्याचं. दहा जुलैला तुमच्या ठेवीची मुदत संपते. मोडायची गरज नाही, व्याजही पूर्ण मिळेल. यायचीही गरज नाही. तुमच्या घराजवळच्या मोठ्या बँकेत मी रक्कम परस्पर पाठवते, इथे कुणालाही कळणार नाही. थिएटर रिकामं आहे. तुम्ही गावासाठी आणि माझ्यासाठी करायचं ते केलंत. साथ अजून संपलेली नाही आणि पुढे काय होईल ते मलाही माहीत नाही, म्हणून हे मॅनेजर म्हणून नाही, भाची म्हणून सांगते. घेऊन टाका. मला अजिबात वाईट वाटणार नाही.

तुमची ठकू


७ जुलै

प्रति,
मा. शाखाधिकारी

विषय : मुदत ठेवीच्या नूतनीकरणाबाबत

महोदया,
माझ्या मुदत ठेवीची मुदत दिनांक १० जुलै रोजी संपत आहे. सदर संपूर्ण रक्कम व्याजासह आपल्याच शाखेत पुन्हा ठेवावी. मुदत : पाच वर्षे. माझे वय सत्त्याहत्तर असल्याने पाच हा आकडा नजरचुकीने पडला असावा असे समजून आपल्या क्लार्कने मला पुन्हा विचारू नये. वारस म्हणून पत्नीचे नाव पूर्वीप्रमाणेच राहील.

कारण विचारण्याचा बँकेला अधिकार नाही हे मी जाणतो, तरी नोंदवतो. दिनांक ५ जून रोजी आपल्या ठेवीदारांसमोर मी एक विधान केले होते. त्यानंतर काही किरकोळ रक्कम भरली असली, तरी ते विधान खरे होते असे मला वाटत नाही. ते आता खरे करून घ्यावे, ही विनंती.

आपला विश्वासू,
एक ठेवीदार (निवृत्त हेडकॅशियर)

(अर्जाच्या समासात)
शाखाधिकारीबाई, अर्जावर दुसऱ्या कुणी लिहायचं नसतं हे मला माहीत आहे. ह्यांनी आधी एक वर्ष लिहिलं होतं, ते खोडून पाच केलं. मी म्हटलं, अहो, पाच वर्षांनी काढायला जाणार कोण? म्हणाले, "आपण दोघं." या माणसाने आजवर बाजारात जायचं म्हटलं तरी मला कधी बरोबर घेतलं नव्हतं. तेव्हा पाच वर्षं ह्यांना धडधाकट ठेवणं आता माझ्याकडे आलं. आजपासून मीठ कमी केलं आहे. — मामी